मेक्सिकोतला लग्नगडी

1931 च्या मध्यावर एक रशियन दिग्दर्शक मेक्सिकोतल्या एका जमीनदाराच्या वाड्यावर तळ ठोकून होता. तेतलापायाक हे त्या जागेचं नाव. चहूबाजूंना मॅगेची शेती. मॅगे म्हणजे आपल्या घायपाताच्या कुळातलं झाड. त्याच्या गाभ्यात गोड रस साठतो, मजूर लांबट पोकळ भोपळ्याला तोंड लावून तो ओढून काढतो आणि आंबवला की त्याची पुल्के नावाची पांढरट दारू होते. डहाणूच्या माणसाला हे समजायला वेळ लागणार नाही, ताडावर मडकं बांधून इथेही तेच चालतं. फरक इतकाच की तिकडे झाड, रस, मजूर आणि मजुराचं खोपट हे सगळं एकाच मालकाचं होतं.

दिग्दर्शकाचं नाव सर्गेई आयझेन्स्टाइन. वय तेहेतीस, आणि एव्हाना जगभर गाजलेला. तिथे तो जी गोष्ट चित्रित करत होता ती थोडक्यात अशी. सेबास्तियन नावाच्या मजुराचं मारियाशी लग्न ठरतं. रिवाजाप्रमाणे नवरीला आधी मालकासमोर उभं करावं लागतं. वाड्यावर पाहुणे जमलेले, पुल्केचे प्याले फिरतायत. त्या झिंगलेल्या पाहुण्यांपैकी एकजण मारियावर बलात्कार करतो. तिला कोंडून ठेवलं जातं. सेबास्तियन आणि त्याचे सोबती बंदुका पळवतात, मॅगेच्या रानात लपून लढतात आणि शेवटी पकडले जातात. त्यांना खांद्यापर्यंत जमिनीत पुरतात आणि वरून घोडे दौडवतात. काळ पोर्फिरिओ दियासच्या हुकूमशाहीचा, म्हणजे 1910 च्या क्रांतीच्या जरा आधीचा.

ज्या वर्षी हे चित्रण चाललं होतं त्या वर्षी ठाणे जिल्ह्याच्या डहाणू आणि उंबरगाव तालुक्यांत लग्नगड्यांची पद्धत राजरोस चालू होती. वारली आदिवासी तरुणाला लग्नासाठी पैसे लागत. ते सावकाराकडून घ्यायचे आणि फिटेपर्यंत त्याच्याकडे राबायचं. त्याने राबायचं, त्याच्या बायकोनेही राबायचं. मजुरी म्हणून जे हातात पडे त्यात पोट भरत नसे, पावसाळ्यात खावटी, म्हणजे पोटापुरतं धान्य, उधार घ्यावी लागे, खावटीचं व्याज मूळ कर्जात मिसळे आणि हिशेबाची वही सावकाराच्याच घरी. एका लग्नासाठी घेतलेले पैसे आयुष्यभर फिटत नसत. बायकांवर मालकाचा हक्क चाले, तो कुठल्या कागदावर लिहिलेला नव्हता इतकंच. जो कर्जदार नव्हता त्यालाही वेठ चुकत नव्हती. मालकाचं शेत नांगरणं, लाकूडफाटा वाहणं, हे फुकट. सरकारला हे ठाऊक नव्हतं असंही नाही. डी. सिमिंग्टन या अधिकाऱ्याने 1930 च्या दशकाच्या अखेरीस मुंबई इलाख्यातल्या आदिवासी भागाची पाहणी करून अहवाल दिला, त्यात ही वेठबिगार नोंदलेली आहे. अहवाल दप्तरात गेला.

तेव्हाचा उंबरगाव तालुका आज नकाशावर तसा सापडत नाही. 1960 साली मुंबई राज्याचे दोन भाग झाले तेव्हा उंबरगाव शहर आणि बरीचशी गावं गुजरातला गेली. उरलेली गावं आधी डहाणूला जोडली आणि नंतर त्यांचा तलासरी हा वेगळा महाल केला. या वेठीविरुद्ध वारल्यांनी पुढे दिलेल्या लढ्याची हकीगत वाचताना हे ध्यानात ठेवावं लागतं, नाहीतर गावं सापडत नाहीत.

आयझेन्स्टाइनने वारल्यांचं नावही ऐकलं असण्याचं कारण नाही. तरीही रशियन सिनेमाच्या या सर्वांत मोठ्या माणसाचं आयुष्य डहाणू-तलासरीकडून बघण्यात अर्थ आहे, कारण तो आयुष्यभर एका प्रश्नाशी झटत राहिला आणि तो प्रश्न या भागाच्या इतिहासालाही लागू आहे. गोष्टीचा नायक एक माणूस नसून हजारो माणसं असतील तर ती दाखवायची कशी?

त्याचा जन्म 1898 च्या जानेवारीत रीगा शहरात झाला. आज ते लॅटव्हियाची राजधानी आहे, तेव्हा झारच्या साम्राज्यात होतं. वडील मिखाइल हे सरकारी अभियंता आणि वास्तुरचनाकार. त्यांनी बांधलेल्या नक्षीदार इमारती पाहायला रीगाला अजूनही पर्यटक जातात. मुलाला ती नक्षी मुळीच आवडत नसे, वडीलही फारसे आवडत नसत. आई-वडिलांचं पटलं नाही आणि ते विभक्त झाले. मुलगा वडिलांच्या इच्छेनुसार पेत्रोग्राडला स्थापत्य अभियांत्रिकी शिकायला गेला. 1917 ची क्रांती झाली, त्यानंतरच्या यादवीत मुलगा लाल सैन्यात भरती झाला आणि बाप क्रांतीच्या विरोधातल्या पांढऱ्या फौजांच्या बाजूला गेला. सैन्यात त्याने पूल आणि तटबंदीची कामं केली, प्रचाराची चित्रं रंगवली, हौशी नाटकं बसवली, मध्येच जपानी भाषाही शिकायला घेतली. यादवी संपेपर्यंत अभियंता मागे पडला होता आणि मॉस्कोत नाटकवाला उभा होता.

मॉस्कोत त्याला गुरू मिळाले ते व्सेवोलोद मेयरहोल्ड. वास्तववादी नाटकाला कंटाळलेले, नटाच्या शरीराकडून यंत्रासारखं नेमकं काम करून घेणारे दिग्दर्शक. त्यांच्याकडे शिकून बाहेर पडल्यावर आयझेन्स्टाइनने 1923 मध्ये एका जुन्या विनोदी नाटकाची पार सर्कस करून टाकली, त्यात तारेवरची कसरत होती आणि एक छोटी फिल्मही. त्याच वर्षी त्याने एका लेखात मांडलं की प्रेक्षकाला धक्का देणारा प्रत्येक तुकडा आधीपासून मोजून-मापून बसवला पाहिजे. पुढच्या वर्षी गॅस कारखान्याबद्दलचं नाटक त्याने खऱ्याखुऱ्या गॅस कारखान्यातच केलं. प्रयोग फसला. खऱ्या यंत्रांसमोर नट खोटे दिसायला लागले. मग रंगमंच सोडून तो कॅमेऱ्याकडे वळला, आणि पंचविशीच्या पुढेमागे कारकीर्द बदलणाऱ्या माणसाच्या मानाने फारच वेगाने पुढे गेला.

पहिला चित्रपट ‘स्ट्राइक’, 1925 चा. कारखान्यातला संप आणि त्याचं रक्तरंजित दडपण. यात नायक नाही, नायिका नाही. शेवटी संपकऱ्यांवर गोळ्या चालतात तेव्हा मध्ये मध्ये कत्तलखान्यात बैल कापतानाचे तुकडे येतात. बैलाचा त्या कारखान्याशी काही संबंध नाही. दोन असंबद्ध दृश्यं लागोपाठ दाखवली की प्रेक्षकाच्या डोक्यात तिसरंच काहीतरी उमटतं, हा आयझेन्स्टाइनचा मुख्य विचार. त्याला चित्रपटाच्या भाषेत माँटाज म्हणतात.

माँटाज समजून घ्यायला सगळ्यात सोपं उदाहरण दगडी सिंहांचं. डिसेंबर 1925 मध्ये मॉस्कोच्या बोल्शोई थिएटरात त्याचा दुसरा चित्रपट पहिल्यांदा दाखवला, ‘बॅटलशिप पोटेम्किन’. 1905 साली काळ्या समुद्रावरच्या या युद्धनौकेवर खलाशांनी बंड केलं होतं. निमित्त जेवणाचं. मांसात अळ्या पडलेल्या होत्या आणि जहाजाचा डॉक्टर चष्मा दुमडून भिंगासारखा धरून ‘या अळ्या नाहीत’ असं सांगतो. बंड होतं, एक खलाशी मारला जातो, त्याचं प्रेत ओडेसा बंदरात ठेवतात, शहर लोटतं आणि झारचे सैनिक शहरवासीयांवर गोळ्या झाडतात. उत्तरादाखल युद्धनौकेची तोफ धडाडते. त्या क्षणी तीन सिंह दिसतात. एक झोपलेला, दुसरा मान वर केलेला, तिसरा उठून बसलेला. हे क्रिमियातल्या आलुप्का इथल्या एका राजवाड्याच्या पायऱ्यांवरचे तीन वेगवेगळे पुतळे आहेत आणि तिघेही जागचे हलत नाहीत. पण तीन तुकडे झटपट जोडले की दगडाचा एकच सिंह दचकून उठतो. दगडसुद्धा उठला असं वेगळं सांगावं लागत नाही. हे कॅमेऱ्यात कुठेच नाही, ते फक्त कापण्या-जोडण्यात आहे.

ओडेसाच्या पायऱ्यांवरचं दृश्य तर सिनेमा शिकणाऱ्या प्रत्येकाला पाहावंच लागतं. पुण्याच्या फिल्म इन्स्टिट्यूटमध्ये जगाच्या सिनेमाचं शिक्षण सुरू झालं तेव्हापासून ते शिकवलं जात आलं आहे. वरून सैनिकांची रांग उतरते, तालात, फक्त बूट आणि संगिनी. त्यांचे चेहरे बहुतेक दिसत नाहीत. खाली माणसं धावतायत आणि त्यांचे चेहरे मात्र अगदी जवळून दिसतात. मेलेलं लेकरू हातावर घेऊन उलट सैनिकांकडे चढत जाणारी आई, चष्म्याची काच फुटलेली बाई, पायऱ्यांवरून सुटलेली बाबागाडी. खरं तर तेवढ्या पायऱ्या धावत उतरायला इतका वेळ लागणारच नाही. एकच क्षण चार कोनांतून पुन्हा पुन्हा दाखवून त्याने काळ ताणला आहे, दुःस्वप्नात पाय उचलत नाहीत तसा.

यातली एक गोष्ट मला नेहमी अस्वस्थ करते. ओडेसात 1905 च्या जूनमध्ये लोक मारले गेले हे खरं, पण त्या पायऱ्यांवर, भरदिवसा, अशा शिस्तीत ते घडलेलं नव्हतं. हे दृश्य दिग्दर्शकाने रचलं. आज मात्र ओडेसाची कत्तल म्हटलं की जगाला हेच आठवतं. सिनेमाने इतिहासाची जागा घेतली. त्या सिनेमाची भीतीही तितकीच होती. ब्रिटनमध्ये 1954 पर्यंत त्याच्या सार्वजनिक प्रदर्शनाला बंदी होती आणि जर्मनीत तो कापूनछाटून दाखवला गेला. 1933 मध्ये नाझी प्रचारमंत्री गोबेल्सने आपल्या दिग्दर्शकांना हाच चित्रपट नमुना म्हणून दाखवून दिला, यावरून त्या तंत्राची धार कळते आणि ती कुणाच्याही हातात जाऊ शकते हेही कळतं.

गर्दी नायक असेल तर नट घ्यायचे कोण? आयझेन्स्टाइनचं उत्तर होतं, नट घ्यायचेच नाहीत. रस्त्यातून, बाजारातून, कारखान्यातून चेहरे निवडायचे. ज्याचा चेहरा पाहताक्षणी त्याचा धंदा आणि स्वभाव सांगेल तो माणूस त्याला हवा असे, मग दोन सेकंदांसाठी का होईना. 1929 च्या ‘जुनं आणि नवं’ या चित्रपटात त्याने मार्फा लापकिना या खऱ्या शेतकरी बाईला मध्यवर्ती भूमिका दिली. तिच्याच नावाची गरीब शेतकरीण गावाला सहकारी दुग्धशाळेकडे नेते. दुधातून साय वेगळी करणारं यंत्र गावात येतं, लोक संशयाने बघतायत, दांडा फिरतोय, आणि नळीच्या तोंडावर पहिला थेंब लोंबकळतो. हा प्रसंग पाहताना यंत्राकडे बघून कुणाला गहिवर येईल यावर विश्वास बसत नाही, आणि तरी येतो.

पण हा चित्रपट पडद्यावर आला त्याच वर्षी स्तालिनने सक्तीच्या सामुदायिक शेतीचा वरवंटा फिरवायला सुरुवात केली. पुढच्या तीन-चार वर्षांत युक्रेनसह सोव्हिएत मुलखात दुष्काळाने लाखो शेतकरी मेले. स्तालिनने चित्रपटात बदल करायला लावले आणि त्याचं मूळ नावही बदललं. आयझेन्स्टाइन शहरात वाढलेला होता. शेतकरी त्याला चेहऱ्यांतून कळला, पोटातून कळला नाही असं माझं मत आहे. डहाणू-तलासरीत ज्या लाल झेंड्याखाली वारली माणूस पहिल्यांदा ताठ उभा राहिला त्याच झेंड्याच्या देशात शेतकऱ्यांचं हे झालं, हे इथे लिहिलंच पाहिजे. आपल्याकडे त्या काळी रशियाबद्दल जे छापून येई आणि पोवाड्यांतून गायलं जाई त्यात हा भाग नसे. अण्णा भाऊ साठ्यांनी स्तालिनग्राडचा पोवाडा केला तो दुसऱ्या महायुद्धाच्या धामधुमीत, आणि तो ऐकणाऱ्या मुंबईच्या गिरणी कामगाराला रशिया म्हणजे हिटलरला अडवणारा देश एवढंच माहीत होतं. तेही खोटं नव्हतं.

1929 मध्ये आयझेन्स्टाइन परदेशी निघाला, बरोबर सहायक ग्रिगोरी अलेक्सांद्रोव आणि छायालेखक एदुआर्द तिस्से. बोलपट नुकता आला होता आणि त्याचं तंत्र शिकायचं हा उद्देश. युरोपात भाषणं झाली, मग हॉलिवुडच्या पॅरामाउंट कंपनीने करार केला. त्याने पटकथा लिहिल्या, कंपनीने त्या नाकारल्या, 1930 च्या ऑक्टोबरमध्ये करार संपला. तेव्हा अमेरिकन समाजवादी लेखक अप्टन सिंक्लेअर आणि त्यांची पत्नी यांनी मेक्सिकोवरच्या चित्रपटासाठी पैसे उभे केले. सुरुवातीला पंचवीस हजार डॉलर आणि थोड्या महिन्यांत काम, असं ठरलं होतं. दिग्दर्शकाने वर्षभरात दोन लाख फुटांहून जास्त फिल्म खर्च केली.

‘के विवा मेक्सिको’ हा त्याचा आराखडा. सुरुवातीला प्राचीन देवळं आणि दगडी चेहरे, मग चार गोष्टी, शेवटी मृतांचा सण, साखरेच्या कवट्या आणि हसणारी मुलं. मॅगेची गोष्ट त्यातली एक. एरवी तुकडे-तुकडे करणारा हा माणूस मेक्सिकोत संथ झाला. कॅमेरा स्थिर, आकाश प्रचंड, झाडाची टोकदार पानं आणि माणसाचं शरीर एकाच चौकटीत एकाच वजनाने. दिएगो रिव्हेराच्या भित्तिचित्रांचा देश आहे तो आणि चित्रकारांची संगत त्याला मानवली. मध्यंतरी सुटलेली चित्रकला त्याने तिथे पुन्हा धरली. फक्त रेषा, छटा नाही, शक्य तितकी न उचलता ओढलेली.

नोव्हेंबर 1931 मध्ये स्तालिनने सिंक्लेअरना तार पाठवली. आशय असा की या माणसाने सोव्हिएत सहकाऱ्यांचा विश्वास गमावला आहे आणि मायदेशात त्याला पळपुटा समजतात. इकडे सिंक्लेअर खर्चाने टेकीला आले होते. नव्या वर्षाच्या सुरुवातीला काम थांबलं. 1932 च्या वसंतात आयझेन्स्टाइन मॉस्कोला परतला. चित्रफीत मागाहून येईल असं आश्वासन होतं, ती आली नाही. अमेरिकेत त्यातून दुसऱ्यांनीच 1933 मध्ये ‘थंडर ओव्हर मेक्सिको’ नावाचा चित्रपट कापून काढला. माँटाजवर सगळं उभं करणाऱ्या माणसाची दोन लाख फूट फिल्म परक्या कात्रीखाली गेली आणि त्याने ती संपूर्ण कधीच पाहिली नाही. सिंक्लेअर खलनायक होते असं नाही, त्यांचं घर गहाण पडायची पाळी आली होती. पण एक कलावंत यातून पुरता सावरला नाही हेही तितकंच खरं.

पुढची सोळा वर्षं भराभर सांगतो. तो मॉस्कोच्या चित्रपट संस्थेत शिकवू लागला आणि शिक्षक म्हणून नावाजला गेला. ‘बेझिन मेडो’ हा चित्रपट 1937 मध्ये सरकारने मध्येच बंद पाडला, युद्धात त्याची प्रत नष्ट झाली, आणि पुढे जपून ठेवलेल्या सुट्या चौकटींवरून त्याचा सांगाडा उभा करावा लागला. 1938 चा ‘अलेक्झांडर नेव्हस्की’ यशस्वी ठरला. त्यातली बर्फावरची लढाई ऐन उन्हाळ्यात खोट्या बर्फावर चित्रित केली होती आणि संगीत सर्गेई प्रोकोफिएव्हचं. पण पुढच्याच वर्षी हिटलर-स्तालिन करार झाला आणि जर्मनांविरुद्धचा हा चित्रपट गुपचूप मागे घेतला गेला. जर्मनांनी 1941 मध्ये हल्ला केल्यावर तो पुन्हा झळकला. याच दरम्यान मेयरहोल्डना अटक झाली आणि 1940 मध्ये त्यांना गोळी घातली. आयझेन्स्टाइनने गुरूची कागदपत्रं स्वतःच्या घरात लपवून वाचवली. त्याच्या आयुष्यातलं सर्वांत धाडसी काम कोणतं असं कुणी विचारलं तर मी हे सांगेन.

शेवटचा मोठा प्रकल्प ‘इव्हान द टेरिबल’. पहिला भाग जानेवारी 1945 मध्ये प्रदर्शित झाला आणि त्याला स्तालिन पारितोषिक मिळालं. ते साजरं करण्याच्या मेजवानीत, 2 फेब्रुवारी 1946 रोजी, त्याला हृदयविकाराचा झटका आला. दुसऱ्या भागात झारच्या खाजगी सैनिकांचं क्रौर्य आणि झारची आतली घालमेल दाखवली होती. तो भाग रोखला गेला. 1947 च्या फेब्रुवारीत दिग्दर्शक आणि मुख्य नट निकोलाय चेर्कासोव यांना क्रेमलिनमध्ये बोलावणं आलं. तिथे स्तालिनने सुनावलं की हा इव्हान हॅम्लेटसारखा डळमळीत आहे, आणि त्याच्या दाढीवरही आक्षेप निघाला. हाच चेर्कासोव 1951 मध्ये दिग्दर्शक पुडोव्हकिन यांच्याबरोबर भारतात आला. आयझेन्स्टाइन मात्र येऊ शकला नसता. 11 फेब्रुवारी 1948 रोजी, पन्नाशी ओलांडून तीन आठवडे होताहोता, तो गेला. इव्हानचा दुसरा भाग लोकांनी पाहिला तो 1958 मध्ये.

मराठीत या माणसाचा खोल अभ्यास कुणी केला असेल तर अरुण खोपकर यांनी. त्यांच्या ‘चलत्‌ चित्रव्यूह’ या पुस्तकाला 2015 चा साहित्य अकादमी पुरस्कार मिळाला. सिनेमाकडे गंभीरपणे बघायची सवय मराठी वाचकाला लावणाऱ्या थोड्यांपैकी ते आहेत.

इव्हानचा पहिला भाग मॉस्कोत लागला त्याच महिन्यात, जानेवारी 1945 मध्ये, टिटवाळ्याला महाराष्ट्र किसान सभेची परिषद भरली. उंबरगावकडून काही वारली तिथे पोहोचले आणि त्यांनी वेठीची हकीगत सांगितली. किसान सभेच्या शामराव परुळेकर आणि गोदावरी परुळेकर यांचं या भागात येणं-जाणं त्यातून वाढलं. गोदावरी म्हणजे पुण्याच्या गोखले घराण्यातली वकिली शिकलेली मुलगी, भारत सेवक समाजात काम केलेली. वारली तिला गोदूताई, गोदाराणी म्हणू लागले. त्याच वर्षी 23 मे रोजी झरी गावात, आजच्या तलासरी तालुक्यात, हजारो वारल्यांची सभा झाली. वेठ करायची नाही, रोख मजुरीशिवाय काम करायचं नाही, हे तिथे ठरलं. माणसं सावकारांच्या वाड्यांवर जाऊन लग्नगड्यांना बाहेर काढू लागली.

हे सगळं आपल्यापर्यंत पोहोचलं ते गोदूताईंच्या ‘जेव्हा माणूस जागा होतो’ या 1970 च्या पुस्तकातून. ते आत्मचरित्र नाही, म्हणजे लेखिका मध्यभागी बसलेली नाही. पुस्तकातून पाडे, माणसं, नावं पुढे येत राहतात, बोलतात आणि मागे सरतात. गर्दी नायक असलेली गोष्ट कशी सांगावी या आयझेन्स्टाइनच्या प्रश्नाला मिळालेलं हे एक मराठी उत्तर आहे.

आणि मग तलवाडा. ऑक्टोबरमध्ये गवत कापणीच्या मजुरीवरून संप झाला. मुंबईच्या तबेल्यांना लागणारं गवत या भागातून जाई आणि पाचशे पौंड गवतामागे अडीच रुपये ही मागणी होती. गोदूताईंची सभा आहे, त्यांच्या जिवाला धोका आहे, जमा व्हा, अशी हूल पाड्यापाड्यांत उठवली गेली. हजारो वारली तलवाड्याला जमले. 10 ऑक्टोबर 1945 रोजी पोलिसांनी गोळीबार केला. जेठ्या गांगड आणि आणखी चौघे ठार झाले.

ओडेसाच्या पायऱ्यांशी याची तुलना मनात आल्याशिवाय राहत नाही, आणि केली की एक मोठा फरक समोर येतो. ओडेसाचं दृश्य उभं आहे ते पळापळीवर. बहुतेक हालचाल वरून खाली, सैनिकांपासून दूर. तलवाड्याला लोक पळाले नाहीत. गोदूताईंना सोडून जायचं नाही या समजुतीने गोळ्या झेलूनही ते तिथेच थांबले, आणि हटले ते घरी जा असा निरोप आल्यावर. पळणाऱ्या गर्दीतून तुकडे उचलता येतात, चष्मा, बाबागाडी, उघडं तोंड. जागच्या जागी थांबलेल्या हजारोंचं माँटाज कसं करायचं? मला वाटतं आयझेन्स्टाइनला इथे मेक्सिकोतला संथ कॅमेरा वापरावा लागला असता.

वारली चित्रकलेने हा प्रश्न वेगळ्याच बाजूने सोडवला आहे. आयझेन्स्टाइनची गर्दी चेहऱ्यांची बनलेली असते. वारली भिंतीवरच्या माणसाला चेहराच नाही. टोकाला टोक लावलेले दोन त्रिकोण म्हणजे धड, वर एक ठिपका म्हणजे डोकं, काड्यांचे हातपाय. तारपा वाजवणाऱ्याभोवतीच्या फेऱ्यात सगळे सारख्याच मापाचे. गेरूने सारवलेल्या कुडावर तांदळाच्या पिठाने काढलेल्या त्या वर्तुळात कोण कोणाचा पुढारी हे सांगता येत नाही. लग्नाच्या चौकात मात्र पालघट देवी मध्यभागी असते, आणि तो चौक सवाशिणी काढत. ही कला लग्नघराच्या भिंतीवरून कागदावर आणली ती जिव्या सोमा म्हसे यांनी. जन्म 1934 च्या सुमाराचा, तलासरी तालुक्यातल्या धामणगावचा, पुढे वस्ती डहाणूत गंजाडजवळच्या कळंबीपाड्यावर. 1976 मध्ये राष्ट्रीय पुरस्कार, 2011 मध्ये पद्मश्री, 2018 च्या मे महिन्यात निधन. त्यांच्या चित्रांत मासेमारीच्या जाळ्याचा एक-एक डोळा वेगळा काढलेला असतो आणि तरी जाळं थरथरतं. माँटाज एकामागून एक दाखवतं, वारली भिंत सगळं एकदम दाखवते. दोन्हींची सरसकट बरोबरी करणं मला पटत नाही. पण मेक्सिकोत केवळ रेषेवर आलेल्या त्या रशियन माणसाला कळंबीपाड्यावरची भिंत समजली असती एवढं म्हणायला हरकत नाही.

‘के विवा मेक्सिको’ आज बघायला मिळतो तो 1979 चा. आयझेन्स्टाइनच्या मृत्यूनंतर तीन दशकांनी अलेक्सांद्रोवने, तेव्हा तोही पंचाहत्तरीच्या पुढे, उरलेल्या फिल्मवरून जमेल तसा तो जुळवला. त्यात चौथी गोष्ट नाही. ती ‘सोल्दादेरा’, म्हणजे क्रांतीच्या फौजेबरोबर चालणाऱ्या, रांधणाऱ्या, लढणाऱ्या बाईची. ती चित्रित होण्याआधीच पैसे थांबले, त्यामुळे अलेक्सांद्रोव ती तोंडी सांगतो. मॅगेच्या गोष्टीत मजूर हरतात आणि ज्या क्रांतीत ते जिंकायचे होते तिची फिल्मच नाही.

डहाणू-तलासरीत क्रम नेमका उलटा होता. इथे लग्नगडी आधी सुटले, उन्हाळ्या-पावसाळ्यात, सेबास्तियनसारखा बंदुका पळवून उठाव न करता, माणसांनी वाड्यासमोर जमून. गोळ्या आल्या त्या नंतर, मजुरीच्या प्रश्नावर. 1946 मध्ये पुन्हा संप झाले, परुळेकरांना जिल्ह्यातून हद्दपार केलं गेलं, पण वेठ परत आली नाही. जमिनीचा आणि जंगलाचा प्रश्न मात्र त्यानंतर कुळकायद्यातून, मग 2006 च्या वनहक्क कायद्यातून पुढे सरकत राहिला आणि दाव्यांच्या फायली अजून फिरतायत. डहाणू मतदारसंघातून 2019 आणि 2024 मध्ये लाल बावट्याचाच आमदार निवडून आला. तलासरीच्या महाविद्यालयाला गोदावरी शामराव परुळेकर यांचं नाव आहे. तिथल्या विद्यार्थ्याला ‘पोटेम्किन’ आणि मॅगेची गोष्ट दोन्ही आता मोबाइलवर सापडतात. आधी मॅगेची बघावी. ‘पोटेम्किन’ समजायला 1905 चा रशिया थोडा माहीत असावा लागतो. मॅगेतला मालक, त्याची वही आणि वाड्याच्या दारातली नवरी समजून घ्यायला त्याने आपल्या पणजोबांची हकीगत घरात विचारली तरी पुरेल.